गाढव पाणी प्यालंय

सॅना: हे ऐका. ठण्ण! पुन्हा ऐका. ठण्ण! दाजी, हे गाढव रिकामं आहे.

इसाक: बोटं मारू नकोस. रंग ओला आहे.

सॅना: रंग गेला खड्ड्यात. खाली लाकडं रचलीत, काटक्या खुपसल्यात, काडेपेटीसुद्धा विटेवर तयार. आणि पोटात थेंब नाही! टाकीकडून पाणी येतं ते तोंड आवळून बंद.

इसाक: मग?

सॅना: मग काय विचारता? तीस वर्षं तुम्ही पाणी तापवायची गाढवं बनवताय. या गावात एक अंगण नाही जिथं तुमचं पिंप विटांवर आडवं पडलेलं नाही. रिकामं गाढव पेटवू नये, हे इथलं शेंबडं पोरसुद्धा सांगेल.

इसाक: इथलं पोर सांगेल. गिऱ्हाईक इथलं नाही.

सॅना: कोण गिऱ्हाईक?

इसाक: कॉफी आण. गार झाली असेल.

सॅना: कॉफी तुमच्या हातात आहे. कोण येणार आहे, दाजी?

इसाक: कॉलिन प्रायर.

सॅना: तो? या अंगणात?

इसाक: अशी बघू नकोस. दुकानातल्या फोनवर तोच बोलला, नऊला येतो म्हणाला. खाली ओढ्याजवळ त्यानं नवं अतिथीगृह काढलंय. फुलांच्या मोसमात शहरातले लोक येतात, त्यांना आंघोळीला गरम पाणी लागतं. म्हणाला, ‘ऐकलंय की या भागात इसाक ब्यूक्ससारखं गाढव कुणी बनवत नाही.’ माझं नाव घेतलं आणि जीभ अडखळली नाही बघ त्याची.

सॅना: त्याला तुम्ही आठवत नसाल.

इसाक: ते तर आणखी वाईट.

सॅना: आणि तो आला की तुम्ही त्याला पेटवायला सांगणार.

इसाक: विकत घेणारा पेटवून बघतोच. पत्रा तापून लाल होईल. नळाला पाणी का येत नाही म्हणून तो स्वतःच टाकीकडचं तोंड उघडेल. लाल पत्र्यावर गार पाणी पडलं की वाफेनं पिंप फुटणार. पुढचं तुला माहीत आहे. तूच तिला चादरीत गुंडाळलंस.

सॅना: माझी बहीण होती ती, दाजी. मला नका शिकवू. पण याला खून म्हणतात.

इसाक: आणि तिच्या वेळेला काय म्हणाले? कागदावर काय लिहिलंय? वाच. माझ्या खिशात आहे.

सॅना: पाठ आहे मला.

इसाक: म्हण.

सॅना: ‘मृत्यू स्वतःच्या निष्काळजीपणामुळे.’

इसाक: ड्रिका! चौदाव्या वर्षापासून गाढवं पेटवणारी बाई. आणि गाव काय म्हणतं? कुणी चुलीवर रिकामा टोप विसरलं की आई पोरीला म्हणते, ‘ड्रिका करू नकोस गं.’ परवा तुझ्या सुनेच्या तोंडून ऐकलं मी.

सॅना: ती लहान आहे. तिला माहीत नाही ड्रिका कोण ते.

इसाक: तेच म्हणतोय. बायकोचं नाव राहिलं नाही, म्हण राहिली. सहा वर्षं मी ती ऐकतोय. दुकानात, चर्चच्या फाटकाशी, शेळ्यांना पाणी पाजताना.

सॅना: मग पुन्हा चौकशी मागा. सांगा त्यांना.

इसाक: सांगितलं नव्हतं? म्हणाले, प्रायरसाहेब शपथेवर सांगतात की त्यांना कसलाच निरोप मिळाला नाही. एका पिंपवाल्याचा शब्द आणि एका साहेबाचा शब्द. जाऊ दे. किती वाजले?

सॅना: नऊला आला तर अजून वेळ आहे. कुठं निघालात?

इसाक: दाढी करायला.

सॅना: दाढी? आज?

इसाक: तेव्हा मला दाढी नव्हती. त्यानं मला ओळखायला पाहिजे.

(इसाक आत जातो. फुटक्या आरशासमोर तो सावकाश, दोनदा दाढी करतो. पाणी गार आहे, तरी घाई करत नाही. ड्रिकाच्या दफनाच्या दिवशी घातलेली टोपी खुंटीवरून काढतो. बाहेर येतो तेव्हा फाटकाशी गाडी उभी असते आणि सॅना पाहुण्याला कॉफी देत असते.)

कॉलिन: नमस्कार, काका! तुम्हीच इसाक का? वा, सुंदर झालंय हे. आपण याला... काय म्हणता तुम्ही लोक?

इसाक: तुम्हीच सांगा.

कॉलिन: गाढव! हो ना? फार गमतीदार शब्द आहे. आमच्याकडे शहरात गीझर म्हणतात. भिंतीवर असतो, बटण दाबलं की झालं. पहिल्यांदा कुणी ‘गाढव पेटव’ म्हणालं असेल तेव्हा काय वाटलं असेल ऐकणाऱ्याला!

इसाक: काय वाटलं?

कॉलिन: अं?

इसाक: तुम्हाला. पहिल्यांदा ऐकलंत तेव्हा.

कॉलिन: मला... मला लगेच कळलं. म्हणजे, कुणीतरी समजावलं असेल. फार जुनी गोष्ट.

सॅना: दूध घालू का साहेब? डब्यातलं आहे, गोड.

कॉलिन: नको, असंच बरं आहे. काका, तुम्हाला कुठं पाहिलंय का मी?

इसाक: असेल. एवढासा मुलूख. चला, पेटवा.

कॉलिन: मी?

इसाक: गाढव मालकाच्या हातानं पहिलं पेटावं. आमच्याकडची रीत आहे.

कॉलिन: आवडली मला रीत. फोटो काढायला हवा होता. ही काडेपेटी घेऊ? आणि वाकायचं इथं, या काटक्यांपाशी... यात पाणी आहे ना पण?

इसाक: गाढव पाणी प्यालंय, साहेब. पोटभर. दोन बादल्या. काडी ओढा.

कॉलिन: काय म्हणालात तुम्ही?

इसाक: गाढव पाणी प्यालंय. पोटभर. दोन बादल्या.

कॉलिन: हे... हे कुणाकडून ऐकलंत?

इसाक: माझ्या बायकोनं ऐकलं होतं. तुमच्या सासऱ्याच्या स्वयंपाकघराच्या दारात, ती तिथं कामाला होती. तुमच्या तोंडून. भांडी घासणाऱ्या पोरीनंही ऐकलं; पण चौकशीत तिला कुणी विचारलंच नाही.

कॉलिन: तुम्ही ड्रिकाचे...

इसाक: नवरा. आता ओळखलंत? म्हणून दाढी केली.

कॉलिन: हे बघा, मी जातो. माझं चुकलं, मी यायलाच नको होतं.

सॅना: बसा खाली, साहेब. काडी हातात घेतलीत, आता पेटवा की.

कॉलिन: बाई, तुम्हीसुद्धा?

सॅना: मी तिची बहीण.

इसाक: त्या सकाळी नळाची गळती काढून मी तिथलं गाढव कोरडं ठेवलं होतं. मला खालच्या वस्तीवर दफनाला जायचं होतं. फाटकाशी तुम्ही भेटलात. मी काय म्हणालो?

कॉलिन: आठवत नाही.

इसाक: काडी ओढा मग.

कॉलिन: थांबा! ...तुम्ही म्हणालात, ‘ड्रिकाला सांगा, गाढव अजून पाणी प्यालं नाही.’

इसाक: आणि तुम्ही?

कॉलिन: मला येऊन आठच दिवस झाले होते. सासऱ्याचं शेत, तुमची भाषा, सगळं नवं. मागं कुंपणात ते करडं गाढव होतं ना, एका कानाचं...

सॅना: फ्लूर त्याचं नाव.

कॉलिन: त्याला पाजलं मी. दोन बादल्या. मला वाटलं, चला, एक काम तरी नीट केलं. मग आत गेलो, तर तुमच्या बायकोनं विचारलं, ‘गाढव पाणी प्यालंय का?’ आणि मी सांगितलं. तेच, जे तुम्ही आता म्हणालात.

इसाक: पुढं शपथेवर काय सांगितलंस?

कॉलिन: की निरोप मिळाला नाही.

इसाक: का?

कॉलिन: कारण सगळे हसले असते! ‘शहरातला जावई, त्यानं खऱ्या गाढवाला पाणी पाजलं.’ सासरे हसले असते, गडी हसले असते. एक बाई मेली होती आणि मला त्याची भीती वाटत होती. बस. घ्या. आणि तुम्ही, काका, तुम्ही तरी? समोरचा माणूस परका आहे हे दिसत होतं ना? पिंप म्हणायचं, टाकी म्हणायचं. गाढव का म्हणालात?

सॅना: गप्प बस!

इसाक: बोलू दे त्याला.

कॉलिन: झालं माझं बोलून.

इसाक: मग पेटव.

कॉलिन: यात पाणी आहे का?

इसाक: सांगितलं ना, प्यालंय.

कॉलिन: वाजवून बघू?

इसाक: हात मागं घे! वाजवायचं नाही. तिनं नव्हतं वाजवलं. तिनं माणसाला विचारलं आणि माणसाच्या शब्दावर काडी ओढली. तूही तसंच कर. माझा शब्द आहे. पेटव.

कॉलिन: मी नाही पेटवू शकत.

इसाक: का?

कॉलिन: कारण तुमच्या जागी मी असतो तर ते रिकामं ठेवलं असतं.

इसाक: आता कुठं आपल्याला एकमेकांचं बोलणं कळायला लागलं. काडेपेटी ठेव विटेवर.

कॉलिन: काय हवंय तुम्हाला? मी चौकशीवाल्यांकडे जातो. लिहून देतो.

इसाक: तेही दे. पण आधी रविवार. प्रार्थना सुटली की फाटकाशी उभं राहायचं. आमच्या भाषेत बोलायचं, तुझ्या नाही. सुरुवात अशी करायची: मी कॉलिन प्रायर, मी खऱ्या गाढवाला पाणी पाजलं.

कॉलिन: लोक हसतील.

इसाक: हसणारच. पोट धरून हसतील. मग पुढचं सांगायचं, म्हणजे थांबतील.

कॉलिन: आणि नंतर?

सॅना: नंतर टोप रिकामा राहिला की आया पोरींना म्हणतील, ‘प्रायर करू नकोस गं.’ तुमच्या अतिथीगृहात चादरी बदलणारी पोरगी म्हणेल. तुमच्या समोर. तुमची नातवंडं इथं आली तर त्यांनाही कळेल कशाला म्हणतात ते.

कॉलिन: आणि आलोच नाही रविवारी तर?

इसाक: तर गाढव घेऊन जा. तुझ्यासाठीच बनवलंय. आज संध्याकाळी तुझ्या अंगणात आणून बसवतो. रोज सकाळी पाहुण्यांसाठी पेटव, आणि रोज सकाळी मनात विचार, इसाकनं यात काय केलं असेल.

कॉलिन: ...किती वाजता सुटते प्रार्थना?

सॅना: अकराला. टोपी घालून या. ऊन लागतं.

कॉलिन: येतो.

इसाक: फाटक लाव जाताना. शेळ्या आत येतात.

सॅना: गेला.

इसाक: गाडी वळवताना कुंपण पाडेल तो. बघ. पाडलंच.

सॅना: येईल का?

इसाक: येईल. घाबरला नाही तो, लाजला. घाबरलेला माणूस पळतो.

सॅना: दाजी.

इसाक: काय?

सॅना: तो म्हणाला ते मनाला लावून घेऊ नका. पिंप म्हणायला हवं होतं, वगैरे.

इसाक: सहा वर्षं रोज म्हणतोय मी ते. त्यानं आज म्हटलं. आपण कधी पिंप म्हटलंय का गं याला?

सॅना: कधीच नाही. आईनंही नाही.

इसाक: मला दुसरा शब्दच सुचला नाही, सॅना. तिथं, फाटकाशी. दुसरा होताच कुठं?

सॅना: बसा. मला एक सांगायचंय. तुम्ही आत दाढी करत होतात तेव्हा मी टाकीकडचं तोंड उघडलं. काठोकाठ भरलंय ते.

इसाक: कधी?

सॅना: सांगितलं ना, दाढी करत होतात तेव्हा. म्हणून तर त्याला पेटवा म्हणाले. तुम्हाला कळलं असेल वाटलं मला. पाण्याचा आवाज येतो की.

इसाक: नाही कळलं.

सॅना: म्हणजे त्यानं काडी ओढली असती तर तुम्ही...

इसाक: लाकडं रचलेलीच आहेत. वाया कशाला घालवायची? पेटवतो. रविवारपर्यंत अंग स्वच्छ हवं. सहा वर्षांत गरम पाण्यानं आंघोळ केली नाही मी.

सॅना: थांबा, आधी वाजवून बघा.

इसाक: कशाला? तू म्हणालीस ना, प्यालंय.