शाईने गिरवलेला पाय

क्लॅरी: वरचं नको, खालचं खोकं उतरव. चित्रं त्यात आहेत. आणि बस, चहा टाकलाय.

डेस: कुबडी सांभाळू की खोकं उतरवू, क्लॅरी?

क्लॅरी: राहू दे, मी काढतो. क्लॅरी म्हणायला लागलास? शर्यतीत माझ्या घोड्यांवर बसायचास तेव्हा बॉस म्हणायचास.

डेस: अकरा वर्षं झाली घोड्यावर बसून.

क्लॅरी: मटण खाशील? आयव्हीला पुरून सहा आठवडे झाले, तरी गावातल्या बायका भांडी आणून ठेवतायत. एकीलाही मिठाचा अंदाज नाही.

डेस: खायला नाही आलो.

क्लॅरी: ठाऊक आहे. रेसक्लबवाल्यांनी धाडलं तुला. नव्या स्टँडमध्ये माझी व्यंगचित्रं लावणार म्हणे. सकाळी घोडे पळवायचे, दुपारी त्यांची चित्रं काढायची, असं तीस वर्षं केलं. तेव्हा नाही कुणी भिंत दिली.

डेस: त्यांना माझंच चित्र आधी हवंय. क्लबच्या बारवर टांगलंय ते.

क्लॅरी: गंमत होती रे ती.

डेस: डोळ्यांवर पट्टी, घोडीवर उलटा बसलेला जॉकी, आणि खाली 'आमचा डेस वाट शोधतोय.' मी इस्पितळात होतो, कमरेपर्यंत प्लास्टर. नर्सने पेपर आणून दाखवला. तिला वाटलं, मला हसू येईल.

क्लॅरी: शर्यतीनंतरच्या चौकशीत तेच ठरलं ना? दोन घोड्यांमधल्या नको त्या फटीत तू घुसलास, पुढच्या घोड्याच्या टाचेत घोडी अडखळली. मी नाही ठरवलं.

डेस: घोडी ठणठणीत होती असं तुम्ही सांगितलंत, म्हणून ठरलं. ती घोडी, वॉटल क्वीन, मेली ती माझ्यामुळे, असं आजही पोरं माझ्या पोरीला शाळेत सांगतात.

क्लॅरी: अकरा वर्षांनी भांडायला आलास? माझी बायको गेलीय, डेस.

डेस: म्हणूनच सहा आठवडे थांबलो. हे बघा.

क्लॅरी: काय आहे?

डेस: तुमचं चित्र. ओळखा.

क्लॅरी: हे... कपच्या शर्यतीआधीच्या गुरुवारचं. टॉम नाल ठोकायला आला होता. घोडीने त्याची टोपी खाल्ली, ते काढलं होतं मी. हे तर टपालात हरवलं. कपच्या धावपळीत माझ्या सहीशिवायच शुक्रवारच्या टपालाने मेलबर्नला गेलं आणि पेपरवाल्यांना पोचलंच नाही. आयव्हीने सांगितलं मला.

डेस: पोचलं नाही, कारण तिने धाडलंच नव्हतं. मला धाडलं. पाकिटावर तिचं अक्षर आहे. टपालाचा शिक्का ती दवाखान्यात भरती झाली त्या दिवशीचा.

क्लॅरी: चिठ्ठी?

डेस: नाही. नुसतं चित्र. घोडीचा पुढचा डावा पाय बघा.

क्लॅरी: चष्मा नाही माझ्याजवळ.

डेस: नाकावर आहे.

क्लॅरी: बघितला पाय. बरं मग?

डेस: पाय असा पुढे टाकून, नुसता खुराचा शेंडा टेकवून घोडं कधी उभं राहतं? तुम्हीच शिकवलंत मला.

क्लॅरी: दुखत असला की.

डेस: तुमच्या चित्रात माणसांची नाकं वाट्टेल तशी. पण घोड्याचा पाय तुम्ही कधी चुकीचा काढला नाहीत.

क्लॅरी: हातानं काढलं, डेस. डोक्यात नव्हतं आलं. आईशप्पथ.

डेस: आणि शुक्रवारी?

क्लॅरी: शुक्रवारी काय?

डेस: पाय चाचपला असेल ना तुम्ही. रोज चाचपायचात.

क्लॅरी: गरम होता. थोडासा. कप वर्षातून एकदाच येतो रे, आणि अशी घोडी मला जन्मात एकदाच मिळाली.

डेस: कपच्या दिवशी घोडीवर बसताना मी विचारलं होतं, बॉस, हिचं सगळं ठीक ना? तुम्ही म्हणालात, "तुझंच काय ते बघ." मी हसलो होतो.

क्लॅरी: आयव्हीला कळलं होतं म्हणजे.

डेस: शाई तीच भरायची ना तुमच्या चित्रांत?

क्लॅरी: सगळ्यांत. मी पेन्सिलनं काढायचो, ती गिरवायची, मग मी खाली सही आणि तारीख घालायचो. त्या आठवड्यापासून तिने सोडलं. बोटांत संधिवात आलाय म्हणाली. मग माझं मीच गिरवायला लागलो, तर वर्षभरात पेपरवाल्यांनी काढून टाकलं. फराटे मारता म्हणे.

डेस: संधिवात? माझ्या धाकटीच्या बारशाचा केक तिने केला होता. वर साखरेची फुलं, नखाएवढी. गेल्या वर्षीची गोष्ट.

क्लॅरी: मला नाही दाखवलीन.

डेस: अजून नीट बघा. सगळं चित्र पेन्सिलीचं आहे. शाई एवढ्या पायालाच आहे.

क्लॅरी: तिचीच रेघ. न थांबता काढायची ती, वरून खाली.

डेस: हं.

क्लॅरी: अकरा वर्षं रोज समोर बसून जेवलो आम्ही. एक शब्द बोलली नाही. शिव्या दिल्या असत्या तरी चाललं असतं.

डेस: तुम्ही बोलला होतात तिच्याशी?

क्लॅरी: काय पाहिजे तुला?

डेस: बारवरचं ते खाली उतरवायचं आणि त्या भिंतीवर हे लागायचं. क्लबवाले सहीशिवाय घेत नाहीत.

क्लॅरी: हे लावलं की घोडा कळणारा प्रत्येक माणूस पाय वाचेल. माझं नाव राहणार नाही.

डेस: माझं कुठे राहिलंय?

क्लॅरी: सही मी शाईनेच करायचो. तिची दौत त्या कपाटात. ती गेल्यापासून उघडलं नाहीये मी ते. आणि शाई इतक्या वर्षांत वाळून खडा झाली असेल.

डेस: बघा तर खरं.

(कपाटाचं दार करकरतं. दौतीचं झाकण निघतं.)

क्लॅरी: डेस.

डेस: काय?

क्लॅरी: शाई ओली आहे रे. आयव्हीने भरून ठेवलीय.

डेस: थांबा, कागद मी धरतो. तारीख त्या गुरुवारची घाला, बॉस.