पाचच बार वाजले होते

मंडळी, एक सांगा. खरं बोलायला माणसाला काय लागतं?

धैर्य लागतं, असं मागून कुणीतरी म्हणालं. बरं. धैर्य लागत असेल तर आजच्या गोष्टीतला माणूस पहिल्याच दिवशी खरं बोलून मोकळा झाला असता. साठ फूट खोल विहिरीत वात पेटवून शांतपणे वर येणारा गडी तो! वाघाला भ्यायचा नाही. पण एक वाक्य ओठावर आणायला त्याला चौदा वर्षं लागली. मग धैर्य कुठं गेलं होतं? ऐका.

नगर जिल्ह्याच्या कोरड्या पट्ट्यात काळेगव्हाण नावाचं गाव. तिथं आपल्या ख्रिस्ती लोकांची वीस-पंचवीस घरं, प्रभूचं एक लहानसं देऊळ, आणि प्यायला पाणी दोन मैलांवर. त्या गावात याकोब थोरात म्हणून विहिरी खणणारा मिस्त्री होता. पाषाणावर कान ठेवला की आत पाणी आहे का नाही ते सांगायचा, असं लोक म्हणत. लोक काय, काहीही म्हणतात. पण हात मात्र वाकबगार.

देवळामागं विहीर घ्यायची ठरली. याकोबानं भर मंडळीत सांगितलं, “पुनरुत्थानाच्या सणाला, ईस्टरला, नव्या विहिरीचं पाणी पाजीन.” सण आठवड्यावर आला आणि खाली काळा पाषाण लागला. फुटता फुटेना.

त्या दिवशी त्यानं सुरुंगाचे सहा बार भरले. बरोबर शांतवन पारधे होता, त्याच्या हाताखालचा गडी. वाती पेटवल्या, दोघं वर आले, लांब आडोशाला बसले. धडाड! धडाड! याकोब बोटांवर मोजत होता. पाच वाजले. सहावा वाजला नाही.

आता विहीरवाल्यांचा नियम असतो – एक बार जरी राहिला, तरी दुसऱ्या दिवसापर्यंत खाली पाय ठेवायचा नाही. याकोबाला हे कुणी शिकवायला नको होतं. पण मनात सण होता, दिलेला शब्द होता, लोकांची ‘वा मिस्त्री’ होती. मन काय म्हणालं? दोन एकदम उडाले असतील. मंडळी, मनाला किती छान वकिली येते नाही?

शांतवन म्हणाला, “मिस्त्री, झाले का सगळे?”

“झाले. उतर.”

शांतवन उतरला. आणि सहावा बार उडाला.

याकोब दोराला धरून खाली गेला. त्या रक्ताळलेल्या माणसाला पाठीला बांधून त्यानं वर आणलं. हुंदके देत आणलं. तोवर गाव धावत आलं होतं. “काय झालं? कसं झालं?” आणि याकोबाच्या तोंडून निघून गेलं, “मी थांब म्हणत होतो. यानं ऐकलं नाही.”

तोंडातून गेलेला शब्द. झालं. तो गावभर गेला आणि गावानं तो पक्का केला.

शांतवन वाचला, पण दोन्ही डोळे गेले. तीन महिन्यांनी इस्पितळातून घरी आला. जो भेटायला येई तो म्हणे, “अरे, मिस्त्री थांब म्हणत होता, तू कशाला उतरलास?” याकोब त्या दिवशी दारातच उभा होता. त्याच्या मनात आलं, आता हा बोलणार! शांतवन काहीच बोलला नाही. मान खाली घातली. याकोबाला वाटलं, याला काही आठवत नाही. स्फोटानं स्मरण गेलं. सुटलो.

सुटला का? बघा हं.

त्यानंतर याकोबानं शांतवनाचं घर शाकारून दिलं. सुगीला पहिलं पोतं त्याच्या दारात टाकलं. नाताळाला त्याच्या बायकोला, रिबकाबाईला, लुगडं. लोक म्हणाले, काय ही प्रीती! त्याला मंडळीचा वडील, म्हणजे देवळाचा कारभारी, केलं. पण मंडळी, देवळात शांतवन गायला लागला की याकोब बाहेर जायचा. खोकला आला म्हणायचा. चौदा वर्षं खोकला! दिलेलं प्रत्येक पोतं म्हणजे दाराला एक धोंडा होता. प्रीती दार उघडते, तो दार लिंपत होता.

गर्व बैसला पहारेकरी ।
सत्य कोंडिलें आंतल्या घरीं ।
प्रीती लवूनि पायांवरी ।
कडी काढी ॥

आता कडी कशी निघाली ते ऐका.

देवळात नवे पाळक, म्हणजे धर्मगुरू, आले होते. पवित्र गुरुवारच्या संध्याकाळी, प्रभूनं शिष्यांचे पाय धुतले त्याच्या आठवणीसाठी, ते म्हणाले, “यंदा मी नाही, मंडळीचे वडील पाय धुतील. बारा जण पुढं बसा.” याकोबानं कमरेला पंचा बांधला. पितळी परात घेतली. एकाचे धुतले, दोघांचे धुतले, चेहऱ्यावर मोठेपणा कसा नीट बसला होता. सातव्या जागी पाय आले ते उघडे, भेगाळलेले. आणि घोट्यापासून गुडघ्यापर्यंत निळेकाळे ठिपके. पाषाणाच्या कपच्या आणि सुरुंगाची दारू कातडीत शिरून राहते ना, ते ठिपके. चौदा वर्षांत ते पाय त्यानं एवढ्या जवळून पाहिले नव्हते.

हातातला तांब्या वरच राहिला. पाणी पडेना.

शांतवन हळूच म्हणाला, “कोण आहे? मिस्त्री का?”

याकोब गुडघ्यावर होता. उभा असता तर कदाचित पुढं सरकला असता. पण गुडघ्यावरच्या माणसाला पळता येत नाही. आवाज फुटला त्याचा, “लोकहो, ऐका. मी याला थांब म्हणालो नव्हतो. मी उतर म्हणालो. सहा बार भरले होते. पाचच वाजले होते. मला ठाऊक होतं.”

 आणि शांतवन काय म्हणाला?

“मीही पाचच मोजले होते, मिस्त्री. तुमच्या शब्दावर उतरलो.”

मंडळी! चौदा वर्षं! त्याला सगळं आठवत होतं.

याकोब म्हणाला, “मग बोलला का नाहीस?”

“मला संत समजू नका. पहिली तीन वर्षं तुम्हाला रोज शिव्याशाप दिले, मनातल्या मनात. त्यानं मीच झिजलो. मग वाटलं, मी बोललो तर तुम्ही नाही म्हणाल. एक खोटं आहे, त्याची दोन होतील. तुम्ही मला पाठीवर घेऊन चढत होता तेव्हा तुमचं रडणं माझ्या कानात होतं. तो माणूस आत आहे, कधीतरी बाहेर येईल. म्हणून रोज प्रार्थना करून वाट पाहत होतो.”

मग तो बाकावरून खाली उतरला. हातानं चाचपडत परात शोधली. म्हणाला, “आता तुम्ही बसा. पाय कुठं आहेत, माझा हात धरून दाखवा.”

आणि याकोबानं त्याचा हात धरून आपल्या पायावर ठेवला. त्या आंधळ्या माणसानं एकेक बोट मोजत ते पाय धुतले. पाळकांना पुढची प्रार्थना म्हणता आली नाही. शास्त्र शिकलेला माणूस, शब्द सापडेना. जिथं देव स्वतः खाली वाकलेला दिसतो, तिथं कुणाला शब्द सापडले आहेत?

इथं संपवलं असतं तर गोष्ट गोड झाली असती. पण रिबकाबाई मागं बसली होती ना. ती उठली, याकोबासमोर आली.

“त्यांनी क्षमा केली, ती त्यांची. मी या माणसाला चौदा वर्षं बोल लावला, मिस्त्री. भाकरी वाढताना बोल लावला. ऐकलं असतं तर डोळे राहिले असते, असं मी म्हणत राहिले. ते खाली मान घालून जेवले. त्याचं काय करू मी?”

 

मग तीच म्हणाली, “ज्या ज्या दारात ते खोटं गेलं, त्या त्या दारात खरं घेऊन जा.”

आणि तो गेला. मंडळीचं वडीलपण सोडलं आणि आठवडाभर गावातलं प्रत्येक घर घेतलं, आपलं आणि परकं. कुणी शिवी दिली, कुणी दार लावलं, एका म्हातारीनं पाणी पाजलं. रिबकाबाई त्याच्याशी दोन वर्षं बोलली नाही. पुढं तो तापानं पडला, तेव्हा तिनं शांतवनाच्या हातात पिठल्याचं भांडं दिलं. स्वतः आली नाही. पण दिलं. आणि याकोब पुन्हा कधी देवळातून मधेच उठून गेला नाही.

तर मंडळी, आता तुमच्याकडं वळतो. माना वर करा. धैर्यानं खरं बाहेर येत नाही. गुडघे टेकले की येतं. आणि गुडघे टेकवायला कुणाची तरी प्रीती आधीच खाली बसून वाट पाहत असते. त्या प्रीतीच्या दोन हातांना खिळ्यांच्या खुणा आहेत, एवढं तुम्ही जाणता.

पण गावातही कुणीतरी वाट पाहत असेल. त्याला सगळं ठाऊक असेल, आणि तो गप्प असेल. तुमच्या मनात आत्ता एक नाव आलं. आलं ना? मला सांगू नका.

टाळ खाली ठेवा. भजन थांबवू. ज्याला उठून त्या माणसाकडं जायचं असेल, त्यानं कीर्तन अर्धं टाकून जावं. आम्ही दार उघडं ठेवतो.