बिनटप्प्याचा चेंडू

उठू नकोस, उठू नकोस, पडून राहा — आणि बोलायचा तर प्रयत्नसुद्धा करू नकोस, बत्सिराई. त्या नर्सनं दारातच बजावलंय मला. जबडा तारांनी आवळलाय, सहा आठवडे उघडायचा नाही, याला हसवू नका, म्हणाली. हसवू नका! मला सांगते! तुमच्या घरातली माणसं आईच्या पोटातूनच खिदळत बाहेर येतात, तुम्हाला हसवायला मी कशाला लागतो? — बरं, हे घे, माहेऊ आणलंय, मक्याची पातळ आंबील, आईनं दिलंय. मक्याचा कण राहू नये म्हणून चारदा गाळलंय तिनं, नळीतून सरळ जाईल. नको? ठेवतो इथे, उशापाशी. सूज बरीच आहे रे. डोळा तरी वाचला. तो वाचला हे बरं झालं.

तर असं आहे — तीन वाजता क्रिकेट मंडळाचे साहेब येतायत, तुझा जबाब घ्यायला. तुला बोलता येत नाही म्हणून लेखी. त्यांना उगाच खोळंबा नको, म्हणून मी कागद घेऊनच आलो. हा कागद, हे पेन. एकच ओळ लिहायची. चेंडू ओला होता, हातातून निसटला. खाली सही. एवढंच. नंतर तू झोप, मी जातो.

आणि ओला होताच की! आदल्या षटकात तुझा तो फटका नाही का गेला, मैदानाच्या कडेला नळ गळतो तिथे, त्या डबक्यात? तिथूनच आणला ना चेंडू? मी पँटला पुसला, दोनदा पुसला, सगळ्यांनी बघितलं. ओला चेंडू बोटांत थांबत नाही, वर उडतो, टप्पा पडतच नाही, सरळ तोंडावर येतो — मोठ्यामोठ्यांचं होतं असं. होतं की नाही? होतं. — असा बघू नकोस माझ्याकडे. हात वर केला नाही म्हणून, ना? निसटला की गोलंदाजानं लगेच हात वर करायचा असतो, चुकलं म्हणून, आणि मी केला नाही, असं पंचानं लिहिलंय. केला की. तू पडल्यावर केला. जरा उशिरा केला.

तुला माहितीये शुक्रवारी काय आहे ते. संघ जाहीर होतोय. बुलावायोला कसोटी आहे आणि बारा जणांत माझं नाव आहे, मुख्य प्रशिक्षकानं स्वतः सांगितलंय. तेहतिसाव्या वर्षी, बत्सिराई! या वयात वेगवान गोलंदाज घरी बर्फाच्या बादलीत गुडघे घालून बसतात. मुद्दाम टाकला असं ठरलं तर दोन वर्षांची बंदी. दोन वर्षांनी मी पस्तिशीचा. पस्तिशीत कोण नवा घेतो? कुणी नाही. शेतावर परत जायचं, टोमॅटोच्या पेट्या उचलायला. तर सगळं या एका ओळीवर आहे. तुझ्या एका ओळीवर.

पेपरात आलंय ते तू वाचलंच असशील — खाणीत घण घालून कमावलेले खांदे, उशिरा उमललेलं फूल वगैरे. फूल! सगळं खोटं. घण घालून खांदे जातात, येत नाहीत. मी मुसिनाला होतो, सीमेपलीकडे, गोऱ्याच्या शेतावर. माकडं यायची टोमॅटो खायला, ती मोठाली, कुत्र्याच्या तोंडाची. मला राखणीला ठेवलेलं. बंदूक दिली नाही, म्हणाले दगड आहेत की. एक दांडगा नर होता, तो पळायचाच नाही, बांधावर बसून माझ्याकडे बघत खायचा. एका सकाळी मारला मी एक दगड — साठ पावलांवरून. कवटी फुटल्याचा आवाज आला, आधी कट् असा आणि मग ओला. बाकीची माकडं एकदम गप्प. शेताचा व्यवस्थापक मागे उभा होता. त्याचा रविवारचा संघ होता. म्हणाला, उद्यापासून दगड नको, हे टाक — आणि चेंडू दिला हातात. अठ्ठावीस वर्षांचा होतो मी. तोवर चेंडू धरला नव्हता कधी, शाळेतसुद्धा नाही.

मग काय, टाकत गेलो. तेवीस पावलांवरून धावत यायचो. पहिल्याच मोसमात एकाची बोटं मोडली, एकाची बरगडी गेली, एकजण बॅट टाकून पंचांच्या मागे जाऊन लपला — तू हसतोयस? हसू नकोस, तारा आहेत. आणि सांगू का — आवडायचं मला. बॅट घेऊन उभा असलेला माणूस मला बॅट घेऊन दिसतच नाही. कोयता घेऊन दिसतो. सात जण होते ते. प्रत्येकाचं तोंड पाठ आहे मला, एकाचा पुढचा दात सोन्याचा, एकाच्या डोक्यावर बायकांची विणलेली टोपी. समोर कुणीही येऊ दे, कुठल्याही गावचा, शाळामास्तर असू दे नाहीतर पाद्री — मी धावायला लागलो की तो त्या सातांतला एक होतो. बळी मिळाला की एक कमी. पुढच्या सामन्यात परत सात. म्हणून तर थकत नाही मी. तरणी पोरं दहा षटकांत जीभ काढतात, मी विसाव्या षटकालाही तेवढ्याच वेगात. प्रशिक्षक विचारतो, लव्हमोर, खातोस काय रे? काय सांगू त्याला?

पण रविवारी तू मला त्या सातांतला दिसला नाहीस. हे ऐक नीट. तू तूच दिसलास. आमच्या दाराशी आंबे पाडायला यायचास तो.

पंचानं मला खोलीत घेऊन विचारलं, तो काय बोलला तुला? ओठ हलताना दिसले त्याला. गोरा माणूस, भला आहे, पण त्याला काय समजावू? म्हटलं, साहेब, त्यांचं घर आणि आमचं घर पणजोबांपासून साहविरा. आमच्याकडे कुणी मेलं की खड्डा त्यांनी खणायचा, मढं त्यांनी उचलायचं, आणि मेलेल्याचे कपडे अंगावर घालून त्याची नक्कल करायची — कसा चालायचा, कसा उधळायचा, बायकोला कसा भ्यायचा. आम्ही रडतरडत हसायचं. त्यांच्याकडे मेलं की हे सगळं आम्ही करायचं. साहविराचा राग धरायचाच नाही, काही बोलो, कितीही झोंबो. हात उगारणं तर सोडाच. पंच म्हणाला, म्हणजे मित्र? म्हटलं, हो साहेब, मित्र. मग मित्राला मारलंत कशाला? म्हटलं, मारलं नाही. निसटला.

तुला ठाऊक होतं ना रे? हाच तर माझा प्रश्न आहे, बाकी काही नाही. आमच्या धाकट्या तोंगाईच्या मयतीला मी नव्हतो, हे ठाऊक होतं. तुझ्या बाबांनी माझ्या भावाला त्या सोन्याच्या खाणीतून दोन दिवस खणून वर काढला, हातांची सालपटं निघाली त्यांच्या, आणि तिसऱ्या दिवशी कबरीच्या काठावर त्याचा शर्ट घालून उभे राहिले, तोंडाशी हात धरला आणि तो रोज खाणीतून ओरडायचा तसे, त्याच्या आवाजात ओरडले — दादा, दोर सोड! — आणि आई हसली म्हणे. सगळं गाव हसलं, हसताहसता ती बेशुद्ध पडली म्हणे. मला हे सगळं वर्षानं कळलं. मी मुसिनात होतो. मी हसलो नव्हतो. घरातला एक माणूस हसायचा राहिला होता. तर तू ठरवलंस की याच्या वाट्याची नक्कल आपण उरकून टाकावी. कुठे? क्वेक्वेच्या मैदानावर! मी मागे चालत गेलोय, वळलोय, धावणार — आणि तू हेल्मेटच्या जाळीशी हात नेलास आणि हुबेहूब — हुबेहूब, बत्सिराई, ती शेवटाला फाटणारी किनार त्याच्या आवाजाची, ती तुला कुठून आली? तू तेव्हा सोळा-सतरा वर्षांचा. — दादा, दोर सोड. समोरच्या टोकाचा तुझा जोडीदार हसला. मी धावलो.

दोर त्या सातांनी कापला. असंच सांगितलंय मी सगळ्यांना. सकाळी दहाचा सुमार, तोंगाई खाली, मी आणि तो झाम्बियाचा माणूस वर. झाडीतून आले ते सात जण, कोयते घेऊन, सोनं लुटायला. झाम्बियावाल्यानं घण उचलला, त्याचा हात मनगटापासून गेला, घणासकट पडला खाली, बोटं अजून दांड्यावर. दोर कापला त्यांनी आणि मी पळालो, काय करणार होतो एकटा? काहीच नाही. नऊ किलोमीटर पळालो, ग्वेरूच्या सडकेपर्यंत. एका ट्रकवाल्यानं थांबवलं, म्हणाला, बाबा, हे काय घेऊन पळतोयस?

दोर होता हातात.

अख्खा. टोकाची गाठ तशीच. मी सोडला होता तो खुंटावरून, खाली सोडण्यासाठी म्हणून — वर्दळ ऐकली त्यानं, खालून ओरडला, दादा, दोर सोड, आणि मी खुंटावरची गुंडाळी हातात घेतली, आणि भोकाकडे वळायच्या ऐवजी सडकेकडे वळलो. तीन पावलांचं अंतर होतं. मागे ऐकू येत होतं, दगड लोटत होते ते आत, एकेक मोठा दगड, हसत होते, आणि तो आतून हाका मारत होता, मग नाही मारल्या. तुझ्या बाबांना कळलं असणार. खणताना दोर सापडला नाही, कापलेलं टोकसुद्धा सापडलं नाही, एवढं कळायला काय लागतं? तरी त्यांनी कुणाला सांगितलं नाही. आईलाही नाही. फक्त नक्कल केली.

तर घे ऐकून — चेंडू सुकलेला होता. मी पुसला होता दोनदा. टप्प्याचा विचार केलाच नाही. त्या आवाजावर मारला, जिथून तो आवाज येत होता तिथे, जाळी आणि हेल्मेटच्या छज्ज्याच्या मधल्या फटीत, दोन बोटांची फट. आणि लागला तेव्हा मला बरं वाटलं. पहिल्यांदा शांत झालं सगळं. तू गुडघ्यावर, रक्तात दात दिसतायत गवतावर, सगळे धावतायत, आणि मला काही ऐकू येत नाही, काही म्हणजे काही नाही, इतकं गोड. म्हणून हात वर करायचा राहिला.

हे मी सांगायला आलो नव्हतो. हे काही तुला सांगायचं नव्हतं. तू फक्त एक ओळ लिहून दे. आणि तुम्हाला राग धरता येत नाही, बरं का, जसा आम्हाला येत नाही तसाच तुम्हालाही नाही. मी चुकलो, मी हात उगारला, पण तू मोठ्या मनाचा — घेतोस पेन? घे. सावकाश. हां, फळी देतो खाली. चेंडू... ओला... होता. शाब्बास. हातातून निसटला. बघ, झालं. देव तुझं — सही. हां, अशी. झालं की! तुझे बाबा येतील तेव्हा मी स्वतः माफीचा बकरा घेऊन — अजून काय लिहितोयस? पुरे तेवढं. एकच ओळ हवी होती साहेबांना. दे इकडे.

‘दादा, आजपासून आपली घरं साहविरा नाहीत. आईचा खड्डा तुम्हीच खणा.’

हे काय आहे?

बत्सिराई. हे काय लिहिलंस? हे तू कोण ठरवणार? बाबांना विचारलंस? चार पिढ्या — खोड हे. हे पेन, खोड. वरची ओळ खोड हवी तर! हो, वरची खोड, सांग त्यांना मुद्दाम मारला म्हणून, दोन वर्षं गेली तर गेली, पण ही खालची — तिला कोण उचलणार रे? आम्ही आमच्या माणसाला हात लावत नाही, माहितीये ना तुला. कोण घालणार तिचं लुगडं अंगावर, कोण तिच्यासारखं शिंकणार? मला नक्कल करून दाखव. आत्ता कर. तोंड नाही तर हातानं कर, तेच कर परत, मी हसतो. हा बघ हसतोय. हा हा, बघ ना, हसतोय मी — भिंतीकडे तोंड करू नकोस. इकडे बघ. बत्सिराई, इकडे —

पावलं वाजतायत. लवकर खोड. कुठली ती तू ठरव, पण खोड. नाही खोडत? नाहीच?

मग मी फाडतो. एवढीच पट्टी. राहू दे माझ्या खिशात.

— या साहेब, या. हो, जागा आहे, पण दमलाय. दिला त्यानं जबाब, हा घ्या, सही त्याचीच आहे. खाली? नाही, खाली काही नव्हतं, कोरंच होतं. — मी? नाही साहेब. मी कुणी नाही त्याचा. निघतोच आहे.