बावचीचं तेल

सन्माननीय अध्यक्ष हणमंतराव, व्यासपीठावर बसलेले डॉक्टरसाहेब, ज्यांना आज निरोप देताना जीव जड झाला आहे त्या सालेहाबाई, आणि जळकोटच्या माझ्या माय-बहिणींनो, बांधवांनो,

मला दोन गोड शब्द बोलायला सांगितलं आहे. सालेहाबाई नर्स म्हणून इथं आल्या तेव्हा आपण उस्मानाबाद जिल्ह्यात होतो. आज त्या लातूर जिल्ह्यातून निवृत्त होत आहेत. जिल्हा नवा झाला, पाट्या नव्या झाल्या, टँकर मात्र जुन्याच वेळेला, म्हणजे उशिरा येतो. अध्यक्षसाहेब, हे आपल्याला उद्देशून नाही.

बाईंनी या गावात किती बाळंतपणं केली ते आधीच्या वक्त्यांनी सांगितलंच. मी माझ्या घरचं सांगतो.

माझी थोरली बहीण चांगुणा जन्मतःच भुरी होती. केस, पापण्या, कातडी, सगळं पांढरं. उजेडात तिला डोळे उघडता यायचे नाहीत. लोक म्हणाले, कोड आहे. आणि कोडावर आपल्याकडं काय करतात? बावचीचं तेल लावून उन्हात बसवतात. माझ्या आईनं, कोंडाबाईनं, तेच केलं. स्वतःची मजुरी बुडवून केलं. पोर रडायला लागली की आई दारातून गुळाचा खडा दाखवायची, म्हणायची, "अजून थोडं बस, माय." अंग भाजून सालं निघायची, आणि आईला वाटायचं, औषध लागू पडतंय.

मंडळी, ते कोड नव्हतंच. कातडीत रंगच नसलेली माणसं जन्माला येतात. त्यांना ऊन सोसत नाही, एवढं साधं होतं. पण कोण सांगणार?

बहात्तरच्या दुष्काळात चांगुणा रस्त्याच्या कामावर खडी फोडायला होती. गालावर एक फोड आला, तो काही भरेना. उष्णता असेल म्हणून आम्ही तिला सब्जा पाजत राहिलो. सालेहाबाई मजुरांना सुया द्यायला आल्या, तिचा पदर बाजूला करून बघितला, आणि दुसऱ्या दिवशी स्वतः एसटीत घालून मोठ्या दवाखान्यात घेऊन गेल्या. कातडीचा कॅन्सर निघाला. उशीर झाला होता. शेवटी शेवटी तिला आरसा नको असायचा, आणि आम्हाला तिच्याकडं बघवत नव्हतं. पुढच्या उन्हाळ्यात ती गेली.

बाईंनी मला बाजूला घेतलं. म्हणाल्या, "किशन, उन्हाचं अन् तेलाचं तुझ्या आईजवळ बोलू नको. जगायची न्हाई ती." आम्ही दोघांनीही तोंड उघडलं नाही.

आता माझी लेक सुजाता. तीही भुरीच जन्मली. तिला आम्ही लांब बाह्यांचा झगा घालतो, रुंद काठाची टोपी घालतो, दुपारी घराबाहेर सोडत नाही. आईला कारण सांगितलं, पोरीच्या डोळ्यांना त्रास होतो. आई "हाव" म्हणून मान डोलवायची.

मागच्या महिन्यात शाळेच्या मधल्या सुट्टीत मी घरी गेलो, तर सुजाता अंगणात उन्हात बसलेली, अंग तेलानं चमकत होतं. मी ओरडलो. आई शांतपणे म्हणाली, "चांगुणाचं औषध म्या मधीच सोडलं, म्हणून ती बरी झाली न्हाई. हिचं न्हाई सोडणार."

आता सांगा, गप्प कसं राहायचं?

मी तसाच बाईंकडं गेलो. बाईच आल्या. आईचे हात धरून म्हणाल्या, "कोंडाबाई, चांगुणाला उन्हानं नेलं. तुमाला ठाऊक नव्हतं. मला ठाऊक होतं, मी बोलले न्हाई."

आईनं एवढंच विचारलं, "तेल बी?"

"तेल लावलं की ऊन जास्तच भाजतं."

आई उठली. पोरीला आत नेलं, तिचं अंग साबणानं धुतलं, कोरडं केलं. आम्हाला वाटलं, सोसलं तिनं.

माझी हात जोडून विनंती आहे. ज्यांच्या घरी असं लेकरू असेल, त्यांनी त्याला सावलीत वाढवावं, शाळेत सावलीची जागा मागून घ्यावी. कुणाच्याही अंगावरची जखम भरत नसेल तर ती पदराखाली झाकू नका, डॉक्टरांना दाखवा. वेळेवर दाखवली तर माणूस वाचतं. सुजाता वाचेल, याची आज मला खात्री आहे. काळजी दुसऱ्याच माणसाची आहे.

बाई, तुम्ही संध्याकाळच्या गाडीनं अर्धापूरला लेकीकडं निघालात. त्याआधी एकदा माझ्या घरी या. त्या दिवसापासून आई रोज दुपारी अंगणात जाऊन बसते, डोक्यावर पदरही घेत नाही. उचलायला गेलो तर म्हणते, "पोर किती सोसायची ते बघू दे मला." माझं ऐकत नाही, कुणाचंच ऐकत नाही. आज इथं चल म्हणालो, तर म्हणाली, ऊन उतरल्यावर येते.

आपण सर्वांनी ऐकून घेतलं, आयोजकांनी बोलू दिलं, आभारी आहे. समारंभाला न शोभणारं काही बोललो असेन तर आपला समजून पोटात घाला. आणि अध्यक्षसाहेब, रागावू नका, पण हारतुरे जरा लवकर आटोपा. आई आत्ताही उन्हातच बसली आहे.