हडळीचं तोंड

मंडळी, बायांनो, पुढं सरकून बसा. हा माइक कुणीतरी धरा, मला सवय न्हाई. माझा आवाज शेळ्या हाकायचा हाय, सभेत बोलायचा न्हाई. पण अंकुशदादा गेले, आज गप बसवत न्हाई मला.

मी सखूबाई. अंकुशदादांच्या पिक्चरमधली हडळ.

आपल्या भागात भुताचा पहिला पिक्चर ह्याच माणसानं काढला. धारूरच्या किल्ल्याखालच्या विहिरीवर मी शेळ्या घेऊन गेलते. दादा म्हन्ले, "सखू, केस सोड आन् पायऱ्यांवरून वर ये." तोंडाला जवारीचं पीठ फासलं. जत्रेच्या तंबूत पिक्चर लागला, आन् माणसं चपला टाकून पळाली! वडवणी म्हणू नका, घाटनांदूर म्हणू नका, जिकडंतिकडं अंकुश डायरेक्टर. मुंबईचे लोक घर विचारत आले.

आन् माझं काय झालं? बाजारात लेकरं मला बघून रडायची. त्या विहिरीवर कुणी जनावर नेईना. माझ्या शेळीचं दूध कुणी घेईना. लेकीला बघायला आलेले पाव्हणे चहा न पिताच उठले. मी दादांच्या दारात जाऊन भांडले. "पिक्चर तुमचा, आन् भोगायचं मी कावून?"

दुसऱ्या दिवसापासून दादा मध्यंतरात मला पडद्यापुढं उभी करायचे. तशीच, पीठ फासून. हातात तांब्या द्यायचे. "धू तोंड, सखू." मी धुवायची. मग लोकांना म्हणायचे, "बघा, ही आपली सखू. भूत न्हाई, पीठ हाय." लोक हसायचे. मध्यंतरानंतर हडळ आली की अजूनच हसायचे. हसत हसत तंबू रिकामा झाला. दादांचा दुसरा पिक्चर कुणी लावलाच न्हाई.

डायरेक्टरला येड लागलं, असं कोण म्हन्लं? तुमीच. हे पुढं बसलेले.

आन् मी? लेकीचं लग्न झालं, दूध खपायला लागलं, आन् मी गप राहिले. लई वाईट वाटतंय मला त्याचं. परवा दादांच्या आजारात भेटायला गेलते. म्हन्ले, "सखू, तू वर आलीस तवा पहिल्यांदा मीच भ्यालो होतो." आन् हसले. तवाबी माझ्या तोंडून निघालं न्हाई, की दादा, तुमी माझं घर वाचवलं.

आता मी म्हन्ले. उशीर झाला.

खेळ सुरू होताना दादा ओरडायचे, "कुणी हलायचं न्हाई, कुणी खोकायचं न्हाई!" उठा, मंडळी. दोन मिनिटं तसंच उभं राहा.

दादा, बघा. मांडव भरलाय, आन् कुणी हसत न्हाई.