हातापुरती डेलिया

(न्यूयॉर्क, १९४९. शनिवारची दुपार. चर्चमध्ये पापनिवेदनासाठी थांबलेल्या बायका. शेवटच्या बाकावर कॅफर्टी बहिणी, डेलिया आणि धाकटी विनी; रंगमंचावरून नुकतीच टेलिव्हिजनवर आलेली विनोदी जोडी.)

डेलिया : ...शेजारीण म्हणते, "अंगठी काय छान दिसली हो तुमची टेलिव्हिजनवर!" बावीस वर्षं गावोगावची थिएटरं गाजवली, ती अंगठी दाखवायला?

विनी : हळू गं. फादर आत लोकांची पापं ऐकतायत.

डेलिया : ऐकू देत. प्रश्न विचारायचा मी, आणि पडद्यावर थोबाड तुझं! माझा नुसता हात. तुझी कॉलर धरलेला.

विनी : लोकांना माझे डोळे फिरवणं आवडतं, त्याला मी काय करू?

डेलिया : कधी फिरवायचे, ते कुणी शिकवलं? मी खांबासारखी उभी राहते, म्हणून तू विनोदी दिसतेस.

विनी : ठाऊक आहे. म्हणून तर मॅनेजर तुला जेवायला न्यायचे, आणि मी मागे बादलीत, खेळात तोंडाला फासलेलं पीठ धूत बसायचे. "विने, जेवलीस का?" असं एकदा तरी विचारलंस?

डेलिया : हे बावीस वर्षं पोटात ठेवलंस?

विनी : अजून एक आहे. आत सांगण्याआधी तुला सांगते. कॅमेरावाल्याला मीच म्हटलं होतं, माझा चेहरा सोडू नकोस.

डेलिया : तू?

विनी : ॲपल पाय खाऊ घातला त्याला.

डेलिया : मी केलेला?

विनी : मला कुठे येतो?

डेलिया : अवदसे!

विनी : चर्चमध्ये आहोत... आणि साबणवाल्या कंपनीचा कराराचा कागद आलाय. दर मंगळवारी कार्यक्रम. माझ्या एकटीचा. सोमवारी सही करायचीय.

डेलिया : पुढे सरक. रांग हलली.

विनी : बोल ना काहीतरी.

डेलिया : मलाही आत एक सांगायचंय. मंगळवारी तुझा तो घोड्याचा विनोद पडला ना?

विनी : कुणी हसलंच नाही.

डेलिया : हसणार होते. मी अर्धा श्वास थांबायला हवं होतं. नाही थांबले. मुद्दाम पुढचा प्रश्न मध्ये घुसवला.

विनी : डेलिया! तू कधी असं...

डेलिया : कधीच नाही. आईला पुरून आलो, त्या दिवशीच्या खेळातही माझी वेळ चुकली नव्हती. पण कॅमेरा तुझ्याकडेच वळलेला पाहिला, आणि जळले मी.

विनी : मला वाटलं, माझंच संपलं. तीन दिवस आरशासमोर डोळे फिरवतेय मी.

डेलिया : बघत होते दाराआडून.

विनी : आणि तरी बोलली नाहीस?

डेलिया : बरं वाटत होतं.

विनी : बरं वाटत होतं? तुला?

डेलिया : अशी बघू नकोस. सोमवारी सही कर.

विनी : मनापासून सांगतेस?

डेलिया : मनाचं विचारू नकोस. कर.

विनी : आणि तू?

डेलिया : बघेन मी. बसेन कुणाकडे तरी टेलिव्हिजनसमोर.

विनी : हसशील?

डेलिया : ते एवढ्यात नाही गं जमायचं. जा, आतली बाई बाहेर आली.