न फुटणारं मडकं

मंडळी, नमन झालं, टाळ थांबले. मोबाइल काही थांबले नाहीत — असू द्या, पांडुरंगालाही आता मिस्ड कॉलची सवय झालीय! तर एक सोपा प्रश्न विचारतो. माणसाला मरायला काय लागतं?

पुढच्या रांगेतले काका म्हणतात, 'इन्शुरन्स'! वा! कोणी म्हणतं, पासवर्ड लिहून ठेवावे लागतात. वा, वा! पुण्यवान सोसायटी आहे तुमची! अहो, आपल्या वाडवडिलांनी दोनच गोष्टी सांगितल्या — चार खांदे आणि एक मडकं! आता मला सांगा, खांदे आणि मडकं बाजारात मिळतं, की शेजारात? उत्तर मी देत नाही. गोष्ट देईल.

ऐका तर. नदीकाठचं एक शहर. नाव सांगत नाही — लगेच तिथले भाव बघायला बसाल! त्या शहरात एक कुंभारआळी. वीस-बावीस घरं, मधे मोठी भट्टी, आणि आळीच्या तोंडाशी एक जुनी चाळ. चाळीत राहायचे तात्या खर्डेकर, पोस्टातून निवृत्त झालेले. रोज सकाळी चहाचा कप घेऊन तात्या कुठे जाऊन बसायचे? रखमाजी जोर्वेकराच्या अंगणात! रखमाजी म्हणजे आळीतला जुना कुंभार. ओलं मडकं मांडीवर घ्यायचं, आतून दगडी गुंडा धरायचा, बाहेरून लाकडी थापीनं थापटायचं. थप — थप — थप! तात्या म्हणायचे, 'रखमाजी, घड्याळ बंद पडलं तरी चालेल, तू थांबू नको.'

आता आळीला काय दृष्ट लागली? प्रगतीची! रस्ता रुंद झाला, विमानतळ झाला, आणि बिल्डर उगवला. चाळ पाडली, सोळा मजली टॉवर उभा राहिला. चाळकऱ्यांना वर फ्लॅट मिळाले, बाकीचे विकले गेले. कोणाला? मंडळी, अर्ध्या फ्लॅटांचे मालक दुबईत आणि सिंगापूरला! इथे त्यांचं फक्त कुलूप राहतं. पण मीटिंगमध्ये मत कुलपालाही असतं हो!

तात्यांचा मुलगा निनाद झाला सोसायटीचा सेक्रेटरी. हा निनाद रखमाजीच्याच मातीत लोळून मोठा झालेला. पण चौदाव्या मजल्यावर गेलं की खालची माती दिसत नाही, धूर तेवढा दिसतो! त्याची कामं अमेरिकेशी. रात्री बोलायचं, सकाळी झोपायचं. आणि सकाळी काय? थप — थप — थप! चिडला. लिहिला अर्ज, इंग्रजीत! 'धूर आणि ध्वनी, दोन्हींचा उपद्रव.' सह्या गोळा केल्या. दुबईच्या कुलपानं ईमेलवर सही केली — ज्याच्या कानावर तो आवाज कधी पडलाच नव्हता!

तात्या म्हणाले, 'अरे, तो आवाज तुझ्या आधीचा आहे.'

निनाद म्हणाला, 'बाबा, तुम्हाला सेंटिमेंट आणि सिव्हिक सेन्स यातला फरक कळत नाही.'

वा रे पुत्रा! बापाला ज्यानं बोट धरून चालायला शिकवलं... काय म्हणालो? उलटं म्हणालो? नाही हो, हल्ली असंच असतं!

जमिनीचे कागद बिल्डरकडे. कुंभारांकडे काय? हात! हाताला सात-बारा नसतो. सहा महिन्यांत आळी उठली, शहराबाहेर चौदा किलोमीटरवर, पत्र्याच्या शेडमध्ये. आणि टॉवरला नाव काय दिलं असेल? ओळखा! 'टेराकोटा हाइट्स'! लॉबीत काचेच्या पेटीत रखमाजीचं चाक! वरून दिवा सोडलाय, खाली पाटी — 'हात लावू नये'. शनिवारी क्लब हाऊसमध्ये मातीकामाची शिबिरं. शिकवायला बाई आल्या कुठून? बार्सिलोनाहून! बायका चिखलात हात घालून म्हणायच्या, 'किती ग्राउंडेड वाटतं!' मग वाटेल नाही तर काय! खालचे लोक काढून जागा मोकळी केलीय!

पहिली संक्रांत आली. सुगडं ऑनलाइन मागवली — आली प्लास्टिकची! हसू नका ताई, तुमच्याकडे कशाची होती ते मी विचारलं का?

अशी तीन वर्षं गेली. तात्या सकाळी गॅलरीत चहाचा कप घेऊन बसायचे आणि खाली बघायचे. चहा गार व्हायचा. एका सकाळी चहा गार झाला आणि तात्याही गार झाले. मंडळी, माझं वय सत्तर. इथे आलो की मला गंमत सुचत नाही. पण सांगायचं आहे म्हणून सांगतो.

निनाद रडला हो, खरोखर रडला. मग उठून फोन हातात घेतला. सोसायटीच्या ग्रुपवर कळवलं. एकशे बारा जणांनी हात जोडल्याचं चित्र पाठवलं! खांदा द्यायला आले किती? तीन! चौथा खांदा वॉचमनचा. आणि तिरडी कुठून उतरली? सर्व्हिस लिफ्टमधून. 'पाहुण्यांच्या लिफ्टमधून सामान नेऊ नये' — नियम कोणी केला होता? सेक्रेटरींनी!

आता मडकं. पूर्वी आळीत जाऊन 'रखमाजी, तात्या गेले' एवढं म्हटलं की झालं असतं. घाटावर सामानाचं एक दुकान होतं, तिथे आता कॉफी मिळते. मग निनादनं मोबाइलवर मागवलं — 'अंतिम यात्रा, प्रीमियम'. दोन तासांत खोकं दारात! बांबूपासून बुक्क्यापर्यंत सगळं. आणि मडकं? व्हिएतनामहून आलेलं, काय देखणं! कंपनीची अडचण अशी झाली होती की साधी मडकी वाटेत फुटायची, गिऱ्हाइकं एक स्टार द्यायची. कंपनी हुशार! न फुटणारं मडकं आणलं! पाच वर्षांची वॉरंटी! मरणाऱ्याला नाही, मडक्याला!

घाटावर आले. चिता रचली, निनादनं अग्नी दिला. धाकटा भाऊ डब्लिनहून व्हिडिओवर. गुरुजी म्हणाले, 'पाणी भरून मडकं खांद्यावर घ्या. तीन फेऱ्या. प्रत्येक फेरीला मी दगडानं भोक पाडतो, धार लागू द्या. शेवटी मडकं मागे टाकायचं. फुटल्याचा आवाज आला की चला. मागे वळून बघायचं नाही.'

पहिली फेरी. गुरुजींनी दगड मारला — टण्! दगड उडाला! दुसरी फेरी — टण्! तिसऱ्या फेरीला गुरुजींनी घाम पुसला आणि पुटपुटले, 'हे मडकं आहे की मतदारसंघ? भेदता येईना!' शेवटी म्हणाले, 'टाका तसंच मागे.' निनादनं टाकलं. टण्, टण्, टण्... मडकं पायऱ्यांवरून घरंगळत नदीशी जाऊन उभं राहिलं. अख्खं!

भाऊ डब्लिनहून विचारतो, 'दादा, झालं का? आवाज आला नाही!'

बघा मंडळी, न्याय कसा असतो! आवाज बंद करण्यासाठी ज्यानं सह्या गोळा केल्या, तो पोरगा पाठ करून उभा होता. कान टवकारून एका आवाजाची वाट बघत! मागे बघता येईना, पुढे जाता येईना. फुटल्याशिवाय बाप सुटत नाही, हे एवढं त्याला कळत होतं. सगळी इंग्रजी संपली. 'गुरुजी, काहीतरी करा हो,' एवढंच म्हणत होता.

तेवढ्यात मागून आवाज आला, 'थांबा जरा.'

पायऱ्यांवर रखमाजी! वॉचमननं फोन केला होता त्याला — नंबर तात्यांनीच देऊन ठेवलेला. चौदा किलोमीटर, दोन बस बदलून आला होता. धोतराच्या सोग्यात गुंडाळलेलं एक मडकं पोटाशी धरलेलं.

म्हणाला, 'आळी उठायच्या आधी शेवटची भट्टी लावली, तवा तात्या बसले व्हते संगं. म्हनले, रखमाजी, एक माझं घाल. पान्याचं मडकं पक्कं भाजत्यात गुरुजी. ह्ये जरा कमी भाजायचं असतं. ह्येला फुटायचं असतंय. तीन वर्स सांभाळलं.'

मडकं भरलं. निनादनं खांद्यावर घेतलं. पहिल्या फेरीला धार लागली, दुसऱ्या फेरीला दोन, तिसऱ्याला तीन. आणि मग टाकलं मागे...

फुटलं!

गुरुजी म्हणाले, 'चला. मागे बघू नका.'

निनाद वळला. सरळ मागे वळला! 'अहो, बघू नये!' गुरुजी ओरडले. निनाद म्हणाला, 'तीन वर्षं बघितलं नाही, गुरुजी. आता तरी बघू द्या.' आणि रखमाजीच्या पायांवर पडला.

रखमाजी काय म्हणाला? शिवी दिली? छे! त्याला कुठे सिव्हिक सेन्स! म्हणाला, 'ऊठ बाळा. तिकडं माळावर बरं हाय. थापटताना कुनी रागवत न्हाई. पर तात्यांवानी ऐकनारंबी कुनी न्हाई.'

संपली गोष्ट. आता तुम्ही म्हणाल, बुवा, छान सांगितलंत, दुसऱ्या शहरातल्या लोकांना अक्कल आली. होय ना! तुमचा काय संबंध! तुमच्या गेटवर आज माझ्या मृदंगाचा फोटो काढून घेतला, टाळांची नोंद केली, आणि सेक्रेटरींनी प्रेमानं सांगितलं, 'बुवा, जरा हळू वाजवा.' वाजवतो हो, हळूच वाजवतो! पण प्रसाद घ्यायच्या आधी एक करा. हे झुंबर, हा गालिचा, हे संगमरवर — याच्या खाली, तुमचा टॉवर उभा राहण्याआधी, इथे कोण राहत होतं? जात नको, धंदा नको. नाव सांगा. फक्त एक नाव. कोणीही सांगा.

काका? ताई? सेक्रेटरीसाहेब?

थांबतो मी.

आवाज येईना, मंडळी!